ज्युदो : पडण्याची विद्या



आपल्या भिवंडी तालुक्यात जत्रांचा हंगाम आला की गावोगाव कुस्त्यांचे फड भरतात. हलगी कडाडू लागते, माणसे फडाभोवती कडे करून बसतात, आणि दोन मल्ल अंगाला माती लावून एकमेकांस भिडतात. असे फड तुम्हांपैकी पुष्कळांनी पाहिले असतील. तेथे जयापजयाचा निकाल एकाच गोष्टीवरून लागतो : पाठ कोणाची टेकली? ज्याची टेकली तो हरला. आपल्या भाषेनेही हा निकाल मनोमन मान्य करून टाकला आहे. ‘चीत करणे’, ‘माती चारणे’, ‘अस्मान दाखविणे’ हे वाक्प्रचार फडावरूनच घरात आले. पडणे म्हणजे हरणे, आणि हरणे म्हणजे मान खाली घालणे, हे समीकरण मीही लहानपणी गावच्या तालमीत शिकलो आणि पुढे शिक्षक झाल्यावर, नकळत का होईना, वर्गात तेच शिकवीत आलो.

परंतु जगात एक मल्लविद्या अशी आहे की तिचा पहिला पाठच मुळी पाठ जमिनीला नीट कशी टेकवावी हा आहे. ती विद्या म्हणजे जपानी लोकांचा ज्युदो. दोन वर्षांपूर्वी माझा पुतण्या नोकरीनिमित्त टोकिओत असताना मला तेथे पंधरवडाभर राहण्याचा योग आला. त्या मुक्कामात एका उपनगरातील लहानशा व्यायामशाळेत मी या विद्येचे अगदी प्राथमिक धडे घेतले. चार दिवसांच्या शिक्षणाने कोणी ज्युदोपटू होत नाही, व तसा माझा दावाही नाही. तरी त्या चार दिवसांत जे हाती लागले ते तुम्हांस व तुमच्या पालकांस सांगावे, असे फार दिवस मनात होते.

प्रथम या विद्येचा थोडा इतिहास पाहू. जपानात ‘जुजुत्सु’ या नावाने नि:शस्त्र झुंजीचे अनेक जुने संप्रदाय होते. सामुराई योद्ध्यांचा काळ संपला तशी त्यांना उतरती कळा लागली. अशा वेळी जिगोरो कानो नावाचा एक विद्यार्थी टोकिओत शिकत होता. त्याचा जन्म १८६० साली कोबे शहराजवळील मिकागे या गावी झाला. अभ्यासात तो हुशार, परंतु अंगाने किरकोळ. त्यामुळे दांडगी मुले त्याला त्रास देत. म्हणून १८७७ साली त्याने फुकुदा या गुरूपाशी जुजुत्सु शिकण्यास प्रारंभ केला. तेथे एक धिप्पाड सोबती त्याला काही केल्या आवरेना. कानोने मग ग्रंथालय गाठले, पाश्चात्य कुस्तीचे पुस्तक चाळले, आणि प्रतिपक्ष्याला दोन्ही खांद्यांवर आडवा उचलून टाकण्याचा एक डाव त्यातून शोधून काढला. आपल्याकडील मल्ल ज्याला ‘कलाजंग’ म्हणतात, त्याच जातीचा हा डाव. त्या डावाने तो धिप्पाड गडी खाली आला. शरीराने दुबळ्या मुलाने पुस्तकाच्या बळावर पहिलवानास लोळविले, ही गोष्ट विद्यार्थ्यांनी ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

पुढे १८८२ साली, वयाच्या अवघ्या बाविसाव्या वर्षी, कानोने टोकिओतील एइशोजी नावाच्या बौद्ध मंदिरात बारा चटयांची जागा घेऊन नऊ शिष्यांसह स्वत:ची शाळा काढली. तिचे नाव कोदोकान. जुन्या संप्रदायांतील घातक डाव त्याने खुल्या सरावातून वगळले, उरलेल्यांची शास्त्रीय मांडणी केली, आणि ‘जुत्सु’ म्हणजे कसब या शब्दाच्या जागी ‘दो’ म्हणजे मार्ग हा शब्द घातला. ‘ज्यु’ म्हणजे मृदुता, लवचीकपणा. तेव्हा ज्युदो म्हणजे मृदुतेचा मार्ग. कानो हा व्यवसायाने शिक्षक होता. शिक्षक तयार करणाऱ्या टोकिओच्या उच्च विद्यालयाचे प्रमुखपद त्याने अनेक वर्षे सांभाळले. १९०९ साली तो आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचा पहिला आशियाई सभासद झाला, व १९३८ साली समितीच्या कैरो येथील बैठकीहून परतताना जहाजावरच त्याचे निधन झाले. त्यानंतर सव्वीस वर्षांनी, १९६४ च्या टोकिओ ऑलिंपिकमध्ये, ज्युदोचा प्रथमच समावेश झाला.

मृदुतेचे हे तत्त्व कानो एका साध्या हिशेबाने समजावून देत असे. समजा, एका माणसाचे बळ दहा आहे आणि माझे सात. त्याने मला सर्व बळ लावून ढकलले व मी अडून उभा राहिलो, तर मी मागे रेटला जाणार हे उघड आहे. परंतु तो ढकलीत असता मी त्याच दिशेने मागे सरलो, तर त्याचा आधार सुटतो व तो पुढे झुकतो. त्या तोल गेलेल्या क्षणी त्याचे बळ दहाचे तीनवर येते. माझे मात्र सातच्या सात शिल्लक असते. आता त्यातले निम्मे खर्चूनही मी त्याला पाडू शकेन. पदार्थविज्ञानाच्या विद्यार्थ्यांनी येथे गुरुत्वमध्याचा धडा आठवावा. गुरुत्वमध्यातून काढलेली लंबरेषा जोवर दोन पावलांच्या पायाभूत क्षेत्रात पडते, तोवर माणूस उभा. ती बाहेर गेली की तो पडलाच. ज्युदोतील सारी करामत ती रेषा बाहेर नेण्याची आहे. हे काम बळाचे कमी आणि वेळ साधण्याचे अधिक.

आता माझ्या अनुभवाकडे वळतो. व्यायामशाळेला जपानीत ‘दोजो’ म्हणतात. हा शब्द मूळचा बौद्धांचा. बुद्धाला ज्या स्थानी ज्ञान झाले त्या ‘बोधिमंड’ या संस्कृत शब्दाचा तो चिनीमार्गे गेलेला पर्याय होय. दाराशी पादत्राणे काढून त्यांची टोके बाहेरच्या बाजूस करून ठेवावयाची, आत पाऊल टाकताना कमरेत वाकून नमस्कार करावयाचा, नखे कापलेली असली पाहिजेत, बोटात अंगठी वा गळ्यात साखळी असता कामा नये, असे नियम पुतण्याने मला आधीच पढवून ठेवले होते. तालमीत शिरताना हौदाच्या मातीला हात लावून तो कपाळी लावण्याची आपली रीत मला आठवली, आणि परक्या मुलुखात असूनही क्षणभर परके वाटेनासे झाले.

नंतर त्यांनी मला पोशाख दिला. मित्रहो, आपण भिवंडीकर. यंत्रमागांच्या खडखडाटात आपण लहानाचे मोठे झालो. कापड हाती आले की आपण प्रथम ते चिमटीत धरून पाहतो. त्या पांढऱ्या बंडीचे सुती कापड मी असेच धरून पाहिले. वीण अशी घट्ट व जाड की पृष्ठभागावर तांदळाचे दाणे पेरल्यासारखे उंचवटे दिसत. कारण उघड आहे. आपल्या कुस्तीत मल्ल लंगोट लावून उतरतो व पकड अंगाची होते. ज्युदोत पकड कापडाची होते. बाही व गळपट्टी धरून ओढाओढ चालते, तेव्हा साधे कापड पहिल्याच झटक्यास फाटेल. मी घाईघाईने बंडीची उजवी बाजू डावीवर घेतली तेव्हा पुतण्या हसून म्हणाला, “काका, उलट घ्या. उजवी बाजू वर येते ती फक्त मृताच्या अंगावर.” मी निमूटपणे बदल केला. वर पांढरा पट्टा बांधला. पांढरा पट्टा ही नवशिक्याची खूण.

त्या शाळेचे गुरुजी सत्तरीचे, ठेंगणे, अबोल असे होते. मी तालमीत घुमलेला माणूस असल्याचे पुतण्याने त्यांस मोठ्या अभिमानाने सांगितले. मलाही वाटले की आता एखादा डाव दाखवितील. गुरुजींनी मान डोलाविली आणि मला मुलांच्या रांगेत शेवटी नेऊन बसविले. मग दहा-अकरा वर्षांच्या एका मुलीस बोलावून काही सांगितले. पुतण्याने भाषांतर केले : “काका, ते म्हणतात, आधी पडायला शिका. ही मुलगी शिकवील.”

खरे सांगतो, त्या क्षणी मला राग आला. पन्नाशीला टेकलेला मी माणूस. फडावर पाठ लागू न देण्यात माझे तारुण्य गेले. आणि मला पडावयास शिकवणार कोण, तर माझ्या नातीच्या वयाची पोर! परंतु पाहुण्याने यजमानाच्या घरी हट्ट धरू नये, म्हणून गप्प राहिलो.

या पडण्याच्या शिक्षणास ‘उकेमी’ म्हणतात. मागे, बाजूस, पुढे, आणि कोलांटी घेऊन पुढे, असे त्याचे चार मुख्य प्रकार आहेत. पहिला प्रकार असा : उकिडवे बसावे, हनुवटी छातीला चिकटवून नजर पट्ट्याच्या गाठीवर ठेवावी, पाठीची कमान करून मागे घरंगळावे, आणि पाठ टेकते न टेकते तोच दोन्ही हात, तळव्यापासून कोपरापर्यंत, अंगापासून थोड्या अंतरावर चटईवर सपकन आपटावे. श्वास त्याच वेळी बाहेर सोडावा. मुलीने हे करून दाखविले, आणि ती फुलासारखी उठून उभी राहिली.

यामागचे शास्त्र मी रात्री कागदावर मांडून पाहिले. सुमारे एक मीटर उंचीवरून पडणारे शरीर जमिनीस लागताना दर सेकंदास जवळजवळ साडेचार मीटर वेगाने येते. हा वेग शून्यावर यावयाचा, हे तर अटळ. प्रश्न इतकाच की तो किती वेळात व किती जागेवर यावयाचा. क्रिकेटमध्ये झेल घेताना तुम्ही हात मागे ओढता तेव्हा चेंडूला थांबावयास अधिक वेळ देता, म्हणून तळहात झोंबत नाही. तसेच गोलाकार घरंगळल्याने पडण्याचा वेळ वाढतो, आणि सबंध हात चटईवर पसरल्याने आघात एका सांध्यावर न पडता वाटला जातो. हनुवटी आत घेतल्याने डोके जमिनीपासून दूर राहते. याच्या उलट, पडताना आपण स्वभावत: काय करतो? एक हात ताठ करून जमिनीवर रोवतो. म्हणजे सर्व शरीराचा भार मनगटाच्या चिमूटभर हाडांवर देतो.

मीही नेमके तेच केले. दुसऱ्या दिवशी गुरुजींनी स्वत: माझी बाही धरून मला अलगद बाजूस पाडले. चार वेळा मी सांगितल्याप्रमाणे पडलो. पाचव्या वेळी जुना अहंकार जागा झाला. पाठ टेकू नये म्हणून मी हात रोवला आणि मनगट मुरगळले. गुरुजी रागावले नाहीत. त्यांनी मनगटास थंड पाण्याची पट्टी बांधली आणि हळूच काही बोलले. पुतण्याने सांगितले, “ते म्हणतात, तुम्ही पडण्याने दुखावला नाहीत. न पडण्याच्या हट्टाने दुखावलात.”

मनगट धरून मी भिंतीशी बसलो आणि मुलांचा सराव पाहू लागलो. एका तासात प्रत्येक मूल पन्नाससाठ वेळा तरी पडले असेल. कोणी हसले नाही, कोणी लाजले नाही. ज्याने पाडले तो बाही धरून ठेवी, म्हणजे पडणाऱ्याचे डोके सांभाळले जाई. जमिनीवरच्या पकडीत कोणास असह्य झाले तर तो हाताने दोनदा थोपटी, आणि दुसऱ्याने तत्क्षणी पकड सोडलीच पाहिजे असा दंडक होता. शेवटी दोघेही एकमेकांस वाकून नमस्कार करीत. कानोने आपल्या विद्येची दोन सूत्रे सांगितली आहेत : आपल्या शक्तीचा उत्तम उपयोग करावा, आणि आपली व दुसऱ्याची भरभराट एकत्र साधावी. दुसरे सूत्र मला पुस्तकात वाचून कळले नसते. ते त्या धरून ठेवलेल्या बाहीत मला दिसले.

आणि त्या भिंतीशी बसल्याबसल्याच मला आपल्या शाळेतील एका मुलाची आठवण झाली. त्याचे नाव सांगत नाही. मुलगा हुशार होता. परंतु सहामाहीत गणितात नापास झाला, आणि मी, त्याचा वर्गशिक्षक, त्याचे गुण भर वर्गात मोठ्याने वाचून दाखविले. वर्ग हसला. मला वाटले, याने तो ईर्ष्येस पेटेल. तो पेटला नाही; त्याने शाळेत येणेच सोडले व एका कारखान्यात कांडी भरण्याच्या कामास लागला. मी त्या वेळी म्हणालो होतो, मुलगा हिंमतीचा नव्हता. टोकिओतील त्या चटईवर मला उमगले की हिंमतीची उणीव त्याच्यात नव्हती. जिंकावे कसे हे मी त्याला शिकविले होते. पडावे कसे हे कधीच शिकविले नव्हते. आणि तो पडला त्या क्षणी त्याची बाही मी धरून ठेवली नव्हती.

कोणी म्हणेल, ही सारी जपानी नवलाई झाली. आपला तिच्याशी काय संबंध? संबंध जुना आहे. १९०५ साली जिन्नोसुके सानो नावाचे जपानी शिक्षक रवींद्रनाथ ठाकुरांच्या शांतिनिकेतनात जुजुत्सु शिकविण्यास आले होते. पुढे १९२९ साली रवींद्रनाथांच्या निमंत्रणावरून कोदोकानचे शिंझो ताकागाकी तेथे आले व सुमारे दोन वर्षे राहिले. त्यांच्या हाताखाली मुलांबरोबर मुलीही ज्युदो शिकल्या. अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांच्या मातोश्री अमिता सेन यांनीही शांतिनिकेतनात ज्युदोचे शिक्षण घेतले होते. ज्या काळी मुलीने घराबाहेर खेळणे हेच नवल होते, त्या काळची ही हकीकत आहे.

आपल्या महाराष्ट्राचा संबंध तर ऑलिंपिकच्या आखाड्यात आला. कऱ्हाडजवळील गोळेश्वर गावचे खाशाबा जाधव १९४८ साली लंडनला गेले व सहावे आले. त्यांनी हे अपयश पाठीवर झेलले आणि पुन्हा उठले. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकसाठी पैशाची अडचण पडली तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डीकर यांनी आपले घर गहाण टाकून त्यांस सात हजार रुपये दिले. हेलसिंकीत अखेरच्या फेरीत त्यांची गाठ जपानच्या शोहाची इशीई यांच्याशी पडली. हे इशीई मूळचे ज्युदो खेळणारे. दुसऱ्या महायुद्धानंतर परकीय सत्तेने जपानी शाळांतून ज्युदोस बंदी घातली होती. त्या काळात ते कुस्तीकडे वळले. इशीई यांनी सुवर्णपदक जिंकले. खाशाबा त्यांच्याकडून हरले, सोव्हिएत मल्लाकडूनही हरले, आणि तरीही कांस्यपदक घेऊन परतले. स्वतंत्र भारताला मिळालेले हे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक होय. त्यांच्या मिरवणुकीची गोष्ट आपण मुलांना सांगतो. चार वर्षांपूर्वीच्या सहाव्या क्रमांकाची सांगत नाही. वस्तुत: दुसरी गोष्ट पहिलीच्या पोटात आहे. आणि प्राचार्य खर्डीकरांनी काय केले? पडलेल्या विद्यार्थ्याची बाही धरून ठेवली.

आता पालकांस दोन शब्द. ज्युदो हा आज आपल्याकडील शालेय क्रीडास्पर्धांतील एक खेळ आहे, व अनेक ठिकाणी त्याचे वर्ग चालतात. मुलास अथवा मुलीस वर्गात घालण्यापूर्वी एक दिवस स्वत: जाऊन बसावे. शिक्षक पहिल्या आठवड्यातच फेकाफेक शिकवू लागला तर मुलास घरी आणावे. आठवडेच्या आठवडे पडण्याचा सराव घेत असेल तर निर्धास्त असावे. जपानात २०१२ सालापासून माध्यमिक शाळांत युद्धकलांचे शिक्षण आवश्यक झाले आहे. परंतु त्याच देशात, उकेमी कच्चे असता मुलांना जोराने आपटल्याने डोक्यास इजा होऊन शाळकरी मुले दगावल्याच्या घटनाही घडल्या आहेत, आणि तेथील पालकांना त्याविरुद्ध आवाज उठवावा लागला. मृदुतेचा मार्गही अडाणी हातात कठोर होतो. तसेच, मुलांनो, हा लेख वाचून घराच्या फरशीवर वा शाळेच्या गच्चीवर पडण्याचे प्रयोग करू नका. त्याला योग्य चटई आणि जाणता शिक्षक लागतो.

टोकिओहून परत आल्यावर पहिल्याच रविवारी मी त्या मुलाच्या घरी गेलो. त्याची आई दारात होती. मी मुलाला म्हणालो, “अरे, चूक माझी झाली. तू शाळेत ये.” तो काही बोलला नाही. मी मनगटाची पट्टी दाखविली आणि दहा वर्षांच्या पोरीने आपल्या गुरुजींस कसे पाडावयास शिकविले ते सांगितले. तेव्हा तो हसला. पुढच्या जूनमध्ये तो पुन्हा वर्गात येऊन बसला. गणितात तो पहिला येत नाही. पण नापास झालेला पेपर तो आता दप्तरात दडवीत नाही, मजकडे आणतो, आणि आम्ही दोघे तो पहिल्या ओळीपासून पुन्हा सोडवितो. गुण मोठ्याने वाचण्याची रीत मी सोडून दिली आहे.

मित्रहो, परीक्षा, खेळ, व्यवहार, यांत पडण्याचे प्रसंग तुम्हांवर येतील. ते कोणाच्याही चुकत नाहीत. त्या वेळी हनुवटी आत घ्यावी, हात ताठ रोवू नये, श्वास सोडावा, आणि उठावे. आणि शेजारचा पडत असेल तर हसण्याआधी त्याची बाही धरावी.